फिलाडेल्फिया : नसलेल्या घरांचं शहर

निरंजना

नमस्कार मंडळी, बऱ्याच दिवसांनी धागा काढतेय आणि लांबलाय, तरी शेवटपर्यंत वाचा कारण शेवटी तुमच्याकडून मदत हवी आहे.

उन्हाळ्यात आमच्याकडे पाहुणे आले की फिलीसाठी अर्धा दिवस ठरलेला असतो. सकाळी लिबर्टी बेलची रांग, घंटेच्या तड्यापुढे फोटो, मग आर्ट म्युझियमच्या पायऱ्या 'रॉकी' सिनेमातल्यासारख्या पळत चढून हात वर करून दुसरा फोटो, एकेक प्रेट्झेल आणि चला गाडीत, नायगराला पोचायचंय. यंदा नणंद म्हणाली, "वहिनी, बारा वर्षं झाली तुला इथे, तुझं गाव म्हणून तू काय दाखवशील?" मी रात्रभर विचार केला आणि दुसऱ्या दिवशी तिला जिथे आता काहीच उभं नाही अशा जागा दाखवत फिरवलं. ती आधी बुचकळ्यात पडली, पण संध्याकाळी तिनेच सांगितलं की हे लिहून काढ.

सुरुवात घंटेपासूनच केली, फक्त आत शिरायच्या आधी दाराशी थांबलो. सहावा रस्ता आणि मार्केट स्ट्रीट यांच्या कोपऱ्याजवळ. इथे विटांचं एक मोठं घर होतं. १७९० ते १८०० फिलाडेल्फिया देशाची राजधानी होती, वॉशिंग्टन डीसी अजून बांधून व्हायचं होतं, तेव्हाचं अध्यक्षांचं घर ते हे. १७९७ पर्यंत जॉर्ज वॉशिंग्टन राहिला, मग जॉन ॲडम्स. १८३२ मध्ये घर पाडलं, बाजूच्या भिंती शेजारच्या इमारतींच्या पोटात टिकून होत्या त्याही १९५१ मध्ये इंडिपेंडन्स मॉलसाठी (दुकानांचा मॉल नव्हे, इंडिपेंडन्स हॉलसमोरची लांब मोकळी जागा) अख्खा ब्लॉक साफ केला तेव्हा गेल्या, आणि मग देशाच्या पहिल्या अध्यक्षाच्या घराच्या जागी सरकारने बांधलं काय, तर सार्वजनिक शौचालय. 

पण नुसतं अध्यक्षाचं घर गेलं म्हणून मला वाईट वाटत नाही. त्या घरात वॉशिंग्टनने व्हर्जिनियातल्या मळ्यावरून नऊ गुलाम आणून ठेवले होते. पेनसिल्व्हेनियात १७८० चा कायदा होता, त्यानुसार बाहेरून आणलेला गुलाम सलग सहा महिने इथे राहिला तर त्याला सुटका मागता यायची. म्हणून सहा महिने भरत आले की त्यांना राज्याच्या हद्दीबाहेर नेऊन परत आणायचे, म्हणजे मोजणी पुन्हा पहिल्यापासून. मार्था वॉशिंग्टनच्या खास दिमतीला ओना जज नावाची विशीतली मुलगी होती. आपल्याला मार्थाच्या नातीला लग्नाची भेट म्हणून देऊन टाकणार आहेत हे तिला कळलं, आणि मे १७९६ मध्ये घरची मंडळी जेवायला बसलेली असताना ती दारातून बाहेर पडली. गावातल्या कृष्णवर्णीय ओळखीच्यांनी तिला लपवलं, जहाजाने ती न्यू हॅम्पशायरला पोचली. वॉशिंग्टनने माणसं पाठवून बघितली, ती परत गेली नाही. १८४८ मध्ये वारली तेव्हाही कायद्याच्या हिशेबात ती पळून गेलेली गुलामच होती.

हे सगळं विसरलं गेलं होतं. लिबर्टी बेलची नवी इमारत बांधायला घेतली तेव्हा, २००२ मध्ये, एडवर्ड लॉलर नावाच्या संशोधकाने जुने कागद लावून दाखवून दिलं की घंटा बघायला येणारा प्रत्येक माणूस गुलामांच्या राहण्याच्या जागेवर पाय देऊन आत जाणार आहे. शहरातल्या कृष्णवर्णीय लोकांनी तो विषय सोडला नाही, वर्षानुवर्षं लावून धरला. २००७ मध्ये खोदकाम झालं, स्वयंपाकघराच्या तळघराचा पाया सापडला आणि वॉशिंग्टनने पाहुण्यांना भेटण्यासाठी बांधून घेतलेल्या अर्धगोल खिडकीचा पायाही सापडला, दोन्ही अगदी जवळजवळ. २०१० च्या डिसेंबरात तिथे स्मारक उघडलं. काचेतून खाली बघता येतं. आमची भाची काचेला नाक लावून म्हणाली, मामी हे तर नुसते दगड आहेत. मग तिला ओना जेवणाच्या वेळी कशी निघाली ते सांगितलं, तर ती पुन्हा वाकून बराच वेळ बघत राहिली आणि विचारते, "ती याच दाराने गेली का?"

तिथून चालत फ्रँकलिन कोर्टला गेलो. बेंजामिन फ्रँकलिनचं घर इथे होतं, तो १७९० मध्ये गेला आणि १८१२ मध्ये वारसांनी घर पाडून जागा कामाला लावली. १९७६ मध्ये स्वातंत्र्याची दोनशे वर्षं साजरी करायची म्हणून घर परत बांधूया असं निघालं, पण ते बाहेरून कसं दिसायचं याचं एकही चित्र सापडेना. तेव्हा आर्किटेक्ट रॉबर्ट व्हेंटुरीच्या ऑफिसने अंदाजाने घर उभारण्याऐवजी नुसती पांढऱ्या पोलादाची चौकट उभी केली, घराच्या आकाराची, भिंती नाहीत खिडक्या नाहीत, वर आभाळ. मला हे या शहरातलं सगळ्यात प्रामाणिक बांधकाम वाटतं. खाली फरशीवर फ्रँकलिन आणि त्याची बायको डेबोरा यांच्या पत्रांतल्या ओळी कोरल्यात. घर बांधलं जात होतं तेव्हा हा गृहस्थ लंडनमध्ये, आणि तिथून बायकोला घराबद्दल बारीक बारीक विचारणा. सगळं काम तिने एकटीने उरकून घेतलं. नणंदेचा नवराही वर्षातले आठ महिने बोटीवर असतो, त्यामुळे ती त्या ओळींवरून हलेचना.

आणि मग चौथा रस्ता आणि चेस्टनट. इथे फ्रँक फर्नेस या इथल्याच आर्किटेक्टने १८७० च्या दशकात प्रॉव्हिडंट नावाच्या कंपनीची बँक बांधली होती, जाड दगडी, थोडी राक्षसीच. फोटो बघितलात तर डोळ्यासमोरून जात नाही. १९५९-६० मध्ये पाडली. का, तर आसपास १७७६ चं वातावरण हवं होतं आणि ही शंभर वर्षांनी लहान, म्हणून जुन्यात धरली नाही. मॉलच्या तीन ब्लॉकमधल्या एकोणिसाव्या शतकातल्या कितीतरी इमारती अशाच गेल्या. इतिहास जपायचा म्हणून इतिहास पाडला, याचा मला आजही राग येतो.

उभं राहिलेलं एक दाखवलं, एल्फ्रेथ्स ॲली. ३२ घरं, सतराशेतल्या पहिल्या दशकांपासून १८३६ पर्यंत बांधलेली, आणि अजून लोक राहतात, खिडकीत मांजर बसलेलं असतं, कुंड्यांना पाणी घातलेलं असतं. कोणी सरदार दरकदार नाहीत इथे, लोहार, खलाशी, खुर्च्या करणारे, शिंपी. १२६ नंबरच्या घरात मेरी स्मिथ आणि सारा मेल्टन या नणंद-भावजया कपडे शिवून पोट भरायच्या (हे आम्हा दोघींना फारच आवडलं). ही गल्ली सुद्धा आपोआप वाचलेली नाही बरं का. १९३० च्या दशकात पार कळा गेली होती, घरं पाडायचा बेत होता, तेव्हा तिथे छोटं रेस्टॉरंट चालवणाऱ्या डॉली ऑटी नावाच्या बाईने शेजाऱ्यांना जमवून १९३४ मध्ये संस्था काढली. ती संस्था अजून आहे, जूनमध्ये घरं बघायला उघडतात त्या दिवशी नक्की जा.

आता माझं स्वतःचं. आम्ही साउथ फिलीत एका रो हाऊसमध्ये राहतो, दोन्ही बाजूंच्या भिंती शेजाऱ्यांशी सामाईक, पुढे तीन संगमरवरी पायऱ्या. इथे जुन्या बायका दर शनिवारी पायऱ्या घासायच्या आणि आमच्या शेजारच्या इटालियन आजी अजून घासतात, बादली, ब्रश, गुडघ्याखाली जुना टॉवेल. पायरीची मधली जागा झिजून खोलगट झालीय, पाऊस पडला की तिथे ओंजळभर पाणी साचतं आणि चिमण्या येतात. तीन वर्षांपूर्वी समोरची दोन घरं एका बिल्डरने घेतली आणि चार दिवसांत जमीनदोस्त केली. मी पायऱ्यांचं विचारायला गेले तोवर त्या फुटून मलब्यात गेल्या होत्या. दाराशी बूट खरवडायची लोखंडी पट्टी असते, रस्ते मातीचे होते आणि घोड्यांची लीद असायची तेव्हाची, ती मात्र तिथल्या कामगाराने मला उपटून दिली. ती आता आमच्या दाराशी बसवलीय. शंभर वर्षं लोकांनी पाय घासून मधे चंद्रकोरीसारखी खाच पडलीय तिला.

तर मदत अशी हवी आहे की फिलीतल्या अशा गेलेल्या किंवा थोडक्यात वाचलेल्या जागा तुम्हाला माहीत असतील तर लिहा. एका दिवसात चालून होईल असा रस्ता आखायचाय, पुढच्या पाहुण्यांसाठी आणि इथल्या आपल्या मुलांसाठी.

कोकणकडा

फार सुंदर लिहिलंयस. ती पट्टी बघायला यायचंय. मी पाच वर्षं पेनला (इथल्या पेनसिल्व्हेनिया विद्यापीठात) शिकत होतो पण ओना जजचं नाव पहिल्यांदा ऐकलं, लाज वाटली.

माझी भर : सोसायटी हिल या जुन्या वस्तीत फिरताना घरांवर पहिल्या मजल्याच्या वर लहानसा धातूचा बिल्ला दिसतो, कुठे चार हात एकमेकांच्या मनगटाला धरलेले, कुठे हिरवं झाड. ते आगीच्या इन्शुरन्सचे बिल्ले. आम्हाला गाइडने सांगितलं होतं की बिल्ला नसेल तर बंबवाले आग न विझवता परत जायचे.

निरंजना

@कोकणकडा, बिल्ले रस्त्यात घेतलेच पाहिजेत, थँक्यू! पण गाइडची ती गोष्ट खरी नाही. बंबवाले स्वयंसेवक असायचे आणि आग दिसेल ती विझवायचे, विटांची घरं खेटून खेटून, एक पेटलं तर रांग जाईल. बिल्ला म्हणजे कंपनीची जाहिरात आणि या घराचा विमा आहे याची खूण, बंबवाल्यांना नंतर बक्षिसी मिळायची.

चार हातवाली कंपनी फ्रँकलिन आणि मंडळींनी १७५२ मध्ये काढली. झाडाची गोष्ट तर फारच छान आहे. चार हातवाल्या कंपनीने ठरवलं की घरापुढे झाड असेल तर विमा नाही, झाडामुळे पाणी मारायला अडचण होते म्हणून. आता उन्हाळ्यात इथे काय भाजून निघतो माहितीये, लोकांना सावली हवी. तर झाडं सोडायला तयार नसलेल्यांनी १७८४ मध्ये स्वतःची वेगळी कंपनी काढली आणि बिल्ल्यावर हिरवं झाडच घातलं. म्हणजे तो बिल्ला दिसला की समजायचं, या घरवाल्यांनी झाड तोडलं नाही.

अनुस्वार

लेख आवडला पण मॉलच्या बाबतीत थोडं विरुद्ध मत नोंदवतो. मी इथे चाळीस वर्षं आहे, जुने लोक सांगायचे की इंडिपेंडन्स हॉलच्या समोर गोदामं, स्वस्त दुकानं, सगळं अंगावर आलेलं होतं. हॉल १७३२ ते १७५३ या काळात बांधलेला, आत सगळं लाकूडकाम, शेजारी आग लागली असती तर स्वातंत्र्याचा जाहीरनामा जिथे मंजूर झाला ती खोलीच गेली असती. न्यायाधीश एडविन लुइस यांनी मॉलसाठी जन्मभर खटपट केली ती याच भीतीने. आज लांबून चालत येताना हॉल समोर दिसतो आणि अंगावर काटा येतो तो त्या मोकळ्या जागेमुळेच. सगळंच राखायचं म्हटलं तर शहर श्वास कसं घेणार.

निरंजना

@अनुस्वार काका, आगीची भीती खरी होती हे मान्य, तुम्ही लिहिलंत ते बरं झालं, माझ्या लेखात ती बाजू राहूनच गेली होती. हॉलच्या लगतची रांग काढली असती तर मी काही बोलले नसते. पण आगीपासून वाचवायला तीन ब्लॉक लागतात का हो? आणि फर्नेसची बँक तर मॉलमध्ये नव्हतीच, ती बाजूला पूर्वेकडे होती, तिचा हॉलला काय धोका. नॅशनल पार्कचेच आर्किटेक्ट चार्ल्स पीटरसन त्या काळात सांगत होते की एकोणिसाव्या शतकातलं सरसकट पाडू नका. म्हणजे कळणारी माणसं होती, ऐकणारी कमी होती.

अनुस्वार

पीटरसन यांचं माहीत नव्हतं, वाचतो. बँकेच्या बाबतीत तू म्हणतेस ते पटलं. बाकी मोकळ्या जागेवर आपलं एकमत व्हायचं नाही, पण तुझ्या रस्त्यावर मी चालायला येणार हे नक्की, गुडघा बरा झाला की.

शेवंती

मी नर्स आहे, सेंटर सिटीत काम करते. माझ्याकडून मदर बेथेल चर्च घे, सहावा रस्ता आणि लोम्बार्ड. रिचर्ड ॲलन हा जन्माने गुलाम, पैसे साठवून स्वतःची सुटका विकत घेतली. त्याने १७९१ मध्ये ही जमीन घेतली आणि एक लोहाराचं दुकान घोडे जुंपून ओढत आणून तिथे ठेवलं, तेच पहिलं चर्च, १७९४ मध्ये प्रार्थना सुरू झाली. आताची इमारत चौथी. जमीन मात्र तेव्हापासून आजपर्यंत त्याच लोकांच्या मालकीची, मधे एकदाही हातातून गेली नाही. तळघरात ॲलनची समाधी आणि म्युझियम आहे.

पण मला ती जागा जवळची वाटते ती १७९३ च्या पिवळ्या तापामुळे. पन्नास हजारांच्या गावात पाच हजार माणसं गेली. ज्यांना जमलं ते गाव सोडून पळाले, वॉशिंग्टनसकट. डॉक्टर बेंजामिन रश यांचा समज होता की कृष्णवर्णीयांना हा ताप होत नाही, त्यांनी ॲलन आणि अब्सलोम जोन्स यांना विनंती केली आणि त्यांची माणसं घरोघर जाऊन आजाऱ्यांचं करायला लागली, प्रेतं उचलायला लागली. समज साफ चुकीचा होता, त्यांच्यातलीही शेकडो माणसं गेली. आणि साथ संपल्यावर एका छापखानेवाल्याने पुस्तिका काढून यांच्यावरच आरोप केला की शुश्रूषेचे जास्त पैसे उकळले, चोऱ्या केल्या. तेव्हा ॲलन आणि जोन्सनी १७९४ मध्ये स्वतःची पुस्तिका छापून हिशेबच मांडला, आलेले पैसे किती, शवपेट्यांना आणि मजुरांना गेलेले किती, पदरचे घातले किती. कोविडच्या पहिल्या दोन महिन्यांत आमच्या वॉर्डात काय होतं ते मला सांगता येत नाही अजून. मी ड्युटी संपवून एकदा त्या चर्चच्या समोर गाडी लावून नुसती बसले होते.

निरंजना

@शेवंती ❤ काय लिहू. तुझा थांबा आला रस्त्यात, आणि तिथे तूच बोलायचंस.

मिलिंद_एडिसन

निरंजनाताई, मुलं पाच आणि आठ वर्षांची आहेत, एवढं चालतील का? आणि त्यांना हातात घ्यायला, करायला काही आहे का, नुसत्या रिकाम्या जागा बघून कंटाळतील अशी भीती वाटते.

निरंजना

@मिलिंद_एडिसन चालतील हो, जुनं गाव सगळं मिळून मैलभरात आहे. फ्रँकलिन कोर्टला लागूनच पोस्ट ऑफिस आहे, तिथे पत्रावर हाताने शिक्का मारून देतात, शिक्क्यात बी फ्री फ्रँकलिन असं नाव येतं कारण तो पोस्टमास्तर असताना अशीच सही करायचा. मुलांना आजीआजोबांच्या नावे पत्रं लिहायला लावा. पाचवा रस्ता आणि आर्चच्या कोपऱ्यावर त्याची कबर कुंपणाबाहेरून दिसते, लोक तिच्यावर एक सेंटची नाणी टाकतात. बिल्ले मोजायला सांगा, चार हात किती आणि झाडं किती. आणि दुसऱ्या मजल्याच्या खिडकीबाहेर लोखंडी दांड्याला लावलेले आरसे शोधायला सांगा, वरून न उतरता दारात कोण आलंय ते बघायचे ते. आमच्या भाचीला तीन सापडले.

तांबडं_फुटलं

गेलेल्या घरांबद्दल लिहिताय तर आलेल्या देवळाबद्दलही लिहा की. आर्ट म्युझियमच्या ज्या पायऱ्यांवर सगळे फोटो काढून परत फिरतात, त्याच इमारतीत वरच्या मजल्यावर मदुराईच्या मदनगोपालस्वामी मंदिराच्या मंडपाचे दगडी खांब उभे आहेत. ॲडलीन पेपर गिब्सन या फिलीच्याच बाईने १९१२ मध्ये मदुराईला ते विकत घेतले, देवळाच्या आवारात पडून होते म्हणतात, आणि ती गेल्यावर १९१९ मध्ये घरच्यांनी म्युझियमला दिले. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा चपला काढाव्यात की नाही कळेना. काढल्या नाहीत, पण आवाज आपोआप खाली आला. फिलीने मदुराईचं राखलं म्हणायचं की मदुराईचं नेलं म्हणायचं, मला अजून ठरवता आलेलं नाही.

निरंजना

@तांबडं_फुटलं, मी दोन्ही म्हणते. खांब जतन झाले हे खरं आणि ते मदुराईला असायला हवे होते हेही खरं.

गोधडी

सगळे प्रतिसाद वाचले आणि वाट बघत होते की आनंदीबाईंचं नाव कधी येतंय. कल्याणची मुलगी, १८८३ मध्ये नवऱ्याशिवाय बोटीने आली, ११ मार्च १८८६ ला याच गावात डॉक्टर झाली, पंडिता रमाबाई त्या समारंभाला मुद्दाम इंग्लंडहून आल्या होत्या. वर्ष पुरं व्हायच्या आत २६ फेब्रुवारी १८८७ ला पुण्यात गेली, बावीस वर्षंही पूर्ण नव्हती. मी पुढच्या महिन्यात फिलीला येतेय कामासाठी. ती जिथे शिकली ते विमेन्स मेडिकल कॉलेज कुठे आहे? मला तिथे जायचंय.

निरंजना

@गोधडी, आनंदीबाई मी मुद्दाम शेवटी ठेवल्या होत्या, तू विचारलंस ते बरं झालं. खरं सांगायचं तर जाऊन बघण्यासारखं कॉलेज त्या जागी नाही. तेव्हा ते नॉर्थ कॉलेज अव्हेन्यू आणि एकविसाव्या रस्त्यावर होतं. १९३० मध्ये कॉलेज ईस्ट फॉल्सला हललं, १९७० मध्ये मुलांनाही प्रवेश सुरू झाल्यावर नाव बदललं, आणि फिरत फिरत आता ते ड्रेक्सेल विद्यापीठात मिसळलंय. त्यांच्या संग्रहात आनंदीबाईंचे कागद आणि तो प्रसिद्ध फोटो आहे, १८८५ च्या ऑक्टोबरातला, आनंदीबाई, जपानची केई ओकामी, सीरियाची साबात इस्लामबुली, तिघी आपापल्या देशाच्या कपड्यांत. आणि अजून एक नाव सांगते, गुरुबाई करमरकर, त्याही याच कॉलेजातून १८९२ मध्ये डॉक्टर झाल्या आणि मुंबईत जाऊन वर्षानुवर्षं बायकामुलांना तपासत राहिल्या. त्यांचं नाव आपल्यात फार कमी घेतलं जातं.

पण तू तिथे जाच. कारण कॉलेजच्या समोर जिरार्ड कॉलेजची दहा फुटी दगडी भिंत आहे आणि ती तेव्हाही होती. स्टीफन जिरार्ड हा १७९३ च्या तापात बुश हिलचं इस्पितळ चालवणारा व्यापारी (शेवंतीची गोष्ट इथे परत येते), त्याने मृत्युपत्रात अनाथ मुलांसाठी शाळा लिहून ठेवली, पण फक्त गोऱ्या मुलग्यांसाठी. १९६५ मध्ये त्या भिंतीबाहेर लोकांनी सात महिन्यांहून जास्त काळ रोज निदर्शनं केली, मार्टिन ल्यूथर किंग येऊन बोलले, १९६८ मध्ये पहिली कृष्णवर्णीय मुलं आत गेली. आनंदीबाई शिकत होत्या तेव्हा हे सगळं पुढे व्हायचं होतं. त्यांच्यासाठी ती नुसती रोज दिसणारी भिंत.

शेवंती

@गोधडी, येशील तेव्हा कळव. माझी सुट्टी असेल तर मी नेते तुला, पार्किंगही बरं मिळतं तिथे.

गोधडी

धागा वर काढतेय. परवा जाऊन आले, शेवंती सोबत होती. नोव्हेंबरचा वारा इतका की डोळ्यातून पाणी येत होतं, आम्ही दोघी जॅकेट, टोप्या, हातमोजे घालून आणि तरी कुडकुडत. आनंदीबाई मात्र साडीत आणि जेमतेम अठरा वर्षांची, तीन हिवाळे काढले इथे. एकविसाव्या रस्त्याच्या कोपऱ्यावर उभं राहून भिंत बघितली. दगड करडे आहेत, खालच्या दोन थरांवर हिरवट शेवाळ आलंय. मी हातमोजा काढून हात लावून बघितला, बर्फासारखा गार.

शेवंतीने डब्यात साखरभात आणला होता, गाडीत बसून खाल्ला. निरंजना, रस्ता आखशील तेव्हा हा कोपरा त्यात घे, चालत लांब पडतो पण जिरार्ड अव्हेन्यूपर्यंत ट्रॉलीने येता येतं.

निरंजना

घेतला. मेच्या पहिल्या शनिवारी सकाळी ९ वाजता मार्केट आणि सहाव्या रस्त्याच्या कोपऱ्यावर भेटू, ओनाच्या दाराशी. दुपारी सगळे मिळून ट्रॉलीने जिरार्डला. @अनुस्वार काका, तुमच्या गुडघ्यासाठी मधे दोन ठिकाणी बसायची सोय बघून ठेवलीय. येणाऱ्यांनी खाली नाव लिहा, मुलं असतील तर वय लिहा, पत्रांसाठी पाकिटं मी आणते.